उत्पादन लाइनवर मशीन व्हिजन बसवताना

मशीन व्हिजन (कॅमेरा आणि संगणकाने भाग तपासण्याची यंत्रणा) बसवायचे ठरले की बहुतेक ठिकाणी पहिली चर्चा कॅमेऱ्याच्या मेगापिक्सेलवर होते. वास्तविक ती बरीच नंतर व्हायला हवी. बाटलीचे झाकण तिरके बसले आहे का, छिद्राचा व्यास मर्यादेत आहे का, वेष्टनावरचा कोड वाचता येतो का, की रोबोने उचलायचा भाग कोणत्या कोनात पडला आहे, यांपैकी नेमके काय पाहायचे ते आधी कागदावर उतरवावे. त्यापुढे सर्वांत लहान दोष किती मिलिमीटरचा, हा आकडा लिहावा.

समजा, भाग १०० मिलिमीटर रुंद आहे आणि ०.२ मिलिमीटर रुंदीचा ओरखडा पकडायचा आहे. ओरखड्याच्या रुंदीत किमान तीन पिक्सेल यावेत असे धरले, तर भागाच्या रुंदीसाठी १५०० पिक्सेल लागतात. भाग पट्ट्यावर थोडा इकडेतिकडे सरकतोच, म्हणून २००० धरावेत. पट्टा सेकंदाला १ मीटर वेगाने धावत असेल, तर १ मिलिसेकंदाच्या एक्स्पोजरमध्ये (कॅमेरा प्रकाश घेत असतो तेवढ्या वेळात) भाग १ मिलिमीटर पुढे जातो आणि ओरखडा चित्रात फासला जातो. एक्स्पोजर ५० मायक्रोसेकंदांवर आणले की हे सरकणे एका पिक्सेलच्या आत राहते. मात्र तेवढ्या वेळात उजेड पुरावा म्हणून एलईडी दिवा कॅमेऱ्याबरोबरच फ्लॅशसारखा पेटवावा लागतो, आणि शटर ग्लोबल प्रकारचे, म्हणजे सगळे पिक्सेल एकाच क्षणी टिपणारे, असावे लागते.

सर्वाधिक वेळ प्रकाशयोजनेला द्यावा. चकचकीत पत्र्यावर समोरून उजेड टाकला तर दिव्याचेच प्रतिबिंब दिसते. तोच दिवा अगदी खाली, पृष्ठभागाला जवळजवळ समांतर धरला की पत्रा काळा पडतो आणि ओरखडा पांढऱ्या रेघेसारखा उठून दिसतो. कडा मोजायच्या असतील तर दिवा भागाच्या मागे ठेवावा. खिडकीतून येणारे ऊन दिवसभर बदलत असते, त्यामुळे तपासणीच्या जागेवर आच्छादन हवेच.

१९६९ साली बेल लॅब्जमध्ये विलार्ड बॉइल आणि जॉर्ज स्मिथ यांनी सीसीडीची (पुढे कॅमेऱ्यांत वापरल्या गेलेल्या, प्रकाश टिपणाऱ्या चिपची) कल्पना मांडली. आज तिची जागा बहुतांशी सीमॉस या दुसऱ्या प्रकारच्या सेन्सरने घेतली आहे. २०१२ नंतर डीप लर्निंगला (नमुन्यांवरून संगणकाने स्वतः शिकण्याच्या पद्धतीला) वेग आला, आणि लाकडाची नक्षी किंवा कापडाची वीण अशा नियमांत न बसणाऱ्या पृष्ठभागांचीही तपासणी आवाक्यात आली. तरीही व्यास मोजण्यासाठी ते वापरणे म्हणजे उगाच द्राविडी प्राणायाम आहे. तिथे कडा शोधणारी साधी पद्धत अधिक भरवशाची ठरते. डीप लर्निंग निवडलेच, तर चांगल्या आणि वाईट नमुन्यांबरोबर तपासनीसांमध्येही मतभेद होतात असे सीमेवरचे नमुने जमवावेत, आणि त्यांचा निकाल प्रशिक्षणाआधीच ठरवावा.

भाग आल्याची खूण सेन्सरने द्यावी आणि निकाल पीएलसीकडे, म्हणजे लाइनची यंत्रे चालवणाऱ्या नियंत्रकाकडे, जावा. सदोष भागांचा एक संच राखून ठेवून तो प्रत्येक पाळीच्या सुरुवातीला लाइनवरून सोडावा. त्यातला एकही भाग सुटला, तर उत्पादन थांबवून सर्वप्रथम लेन्सवरची धूळ पाहावी.