गॅरीज मॉडमध्ये जांभळे-काळे चौकोन आणि लाल ‘एरर’: या चुका टाळा

गॅरीज मॉड या कॉम्प्युटर गेमसाठी स्टीमच्या वर्कशॉपवरून (खेळाडूंनी बनवलेलं सामान मिळतं ती जागा) नवा मॅप घेतला, लोड झाला आणि बघतो तर भिंतींवर जांभळी-काळी चौकडी, टेबल-खुर्च्यांच्या जागी हवेत तरंगणारा लाल ‘एरर’. कर्वेनगरच्या हॉस्टेलपासून हिंजवडीच्या पीजीपर्यंत गॅरीज मॉड नव्याने खेळायला घेणाऱ्या जवळपास प्रत्येकाची ही पहिली तक्रार असते. त्यावर बहुतेक जण एकच गोष्ट करतात. ‘सीएसएस टेक्स्चर फ्री’ (सीएसएस म्हणजे काउंटर-स्ट्राइक: सोर्स हा गेम, टेक्स्चर म्हणजे भिंती-वस्तूंवर चढवलेलं चित्र) असं शोधायचं, जी पहिली झिप हाती लागेल ती उतरवायची आणि दिसेल त्या फोल्डरमध्ये ओतायची. खरा घोळ तिथून सुरू होतो. आधी काय कमी आहे ते ओळखा, मग ते सामान ज्या गेमचं आहे तो गेम नीट माउंट करा, म्हणजे त्याच्या फाइली गॅरीज मॉडला वापरू द्या. हा क्रम पाळला तर दहा मिनिटांत काम होतं.

गॅरीज मॉड 2004 मध्ये हाफ-लाइफ 2 चा मॉड (मूळ गेममध्ये बदल करून केलेला गेम) म्हणून आला आणि 2006 च्या नोव्हेंबरपासून स्टीमवर स्वतंत्रपणे मिळू लागला. त्याचं इंजिन सोर्स, म्हणजे काउंटर-स्ट्राइक: सोर्स, टीम फोर्ट्रेस 2 आणि पोर्टल ज्यावर चालतात तेच. त्यामुळे मॅप बनवणारे या गेममधल्या भिंती, दरवाजे, कपाटं सर्रास वापरतात. पण मॅपच्या फाइलमध्ये सहसा ती चित्रं नसतात, फक्त त्यांची नावं असतात. नाव सापडलं, माल सापडला नाही, की इंजिन चौकडी दाखवतं. टेक्स्चरच्याही दोन फाइली असतात: व्हीएमटी ही साधी मजकूर फाइल आणि व्हीटीएफ हे खरं चित्र. कोणतं चित्र कसं लावायचं हे व्हीएमटीत लिहिलेलं असतं. दोन्हींपैकी एक नसली तरी चौकडीच दिसते. मॉडेल, म्हणजे वस्तूचा त्रिमितीय आकार, हरवलं तर मात्र चौकडी येत नाही, लाल ‘एरर’ येतो.

(कमांड आणि फाइलींची नावं इथे उच्चाराप्रमाणे लिहिली आहेत. टाइप करताना ती इंग्रजी लहान अक्षरांत टाका.)

चूक: कशाची चौकडी आहे हे न बघताच इलाज सुरू करणं

आधी जीएम_कन्स्ट्रक्ट हा मॅप उघडा. तो गॅरीज मॉडचा स्वतःचा आहे, त्याला दुसऱ्या कुठल्या गेमची गरज नाही. तिथेही चौकडी दिसली तर काउंटर-स्ट्राइक विकत घेऊन काही उपयोग नाही, तुमच्या गॅरीज मॉडच्याच फाइली बिघडल्या आहेत किंवा एखादा ॲडऑन (गेमला वरून जोडलेलं सामान) त्यांच्यावर बसला आहे. स्टीमच्या लायब्ररीत गेमवर राइट-क्लिक करा, प्रॉपर्टीजमधल्या इन्स्टॉल्ड फाइल्समध्ये जा आणि तिथून फाइलींची पडताळणी करून घ्या.

दुसरी फसवी खूण म्हणजे फक्त काचेवर, ओल्या फरशीवर किंवा चकचकीत धातूवर दिसणारी चौकडी. बाकी सगळं नीट, आणि कॅमेरा हलवला की चौकडी प्रतिबिंबासारखी सरकते. हे टेक्स्चर हरवल्याचं लक्षण नाही. मॅप बनवणाऱ्याने क्यूबमॅप (प्रतिबिंबासाठी लागणारी चित्रं) तयार केलेले नसतात, त्यामुळे प्रतिबिंबाच्या जागी रिकामं काहीतरी दिसतं. कन्सोलमध्ये, म्हणजे कमांड टाइप करायच्या खिडकीत, मॅट_स्पेक्युलर 0 टाका. चौकडी लगेच गेली तर कारण हेच. मग हवं तर मॅप एकट्याने उघडून बिल्डक्यूबमॅप्स ही कमांड चालवा आणि मॅप परत लोड करा. अशा मॅपसाठी लोक चार-चार गेम माउंट करतात आणि तरी फरशी जांभळीच राहते, याचं वाईट वाटतं, कारण दुरुस्ती एका ओळीची असते.

कन्सोल उघडत नसेल तर ऑप्शन्स, कीबोर्ड, ॲडव्हान्स्ड या क्रमाने जाऊन डेव्हलपर कन्सोल चालू करा. मग 1 च्या डावीकडची कळ दाबली की झालं.

चूक: कोणता गेम हवा आहे ते न शोधणं

वर्कशॉपच्या पानावर मॅप बनवणाऱ्याने बहुतेक वेळा लिहिलेलंच असतं: ‘सीएसएस लागेल’, ‘एपिसोड 2 लागेल’. उजवीकडे लागणाऱ्या ॲडऑनची यादीही असते. ती न वाचता सबस्क्राइब करणारे फार. आधी ते वाचा.

लिहिलेलं नसेल तर कन्सोललाच विचारा. एकट्याच्या खेळात एसव्ही_चीट्स 1 टाका, चौकडीच्या भिंतीकडे निशाणा धरा आणि मॅट_क्रॉसहेअर चालवा. ज्या मटेरियलकडे तुम्ही बघताय त्याचा मार्ग समोर येतो. त्या मार्गात डीई_डस्ट, डीई_न्यूक, सीएस_इटली अशी फोल्डर दिसली तर सामान काउंटर-स्ट्राइक: सोर्सचं आहे. लाल ‘एरर’च्या बाबतीत कन्सोलमधल्या ओळी चाळा. प्रॉप्सखाली सीएस_ऑफिस दिसलं तर उत्तर तेच. ट्रबल इन टेररिस्ट टाउन आणि प्रॉप हंट या गॅरीज मॉडमधल्या खेळप्रकारांचे मॅप तर या गेमच्या सामानावरच उभे असतात. एकच गेम घ्यायचा असेल तर हाच घ्या.

चूक: काउंटर-स्ट्राइक 2 टाकून वाट बघणं

ही चूक फार महागात पडते, कारण डाउनलोड मोठं असतं आणि हाती काही लागत नाही. सप्टेंबर 2023 मध्ये काउंटर-स्ट्राइक: ग्लोबल ऑफेन्सिव्हची जागा काउंटर-स्ट्राइक 2 ने घेतली. तो सोर्स 2 इंजिनवर आहे आणि त्याच्या मटेरियल-मॉडेलच्या फाइलींचा साचाच वेगळा आहे. गॅरीज मॉडला त्या वाचता येत नाहीत. तुम्हाला हवा आहे तो 2004 चा काउंटर-स्ट्राइक: सोर्स. तो फुकट नाही, पण स्टीमच्या सेलमध्ये बराच स्वस्त मिळतो. टीम फोर्ट्रेस 2 मात्र 2011 पासून मोफत आहे, तो हवा असेल तर फक्त जागेचा विचार करा.

हाफ-लाइफ 2 चे एपिसोड स्टीमवर वेगळे शोधत बसू नका. नोव्हेंबर 2024 च्या मोठ्या अपडेटपासून दोन्ही एपिसोड आणि लॉस्ट कोस्ट मुख्य हाफ-लाइफ 2 मध्येच आले आहेत.

चूक: गेम विकत घेतला, पण टिक केलीच नाही

गेम नुसता लायब्ररीत असून चालत नाही. तीन गोष्टी लागतात: ज्या अकाउंटवरून गॅरीज मॉड खेळता त्याच अकाउंटवर तो गेम हवा, तो पूर्ण इन्स्टॉल झालेला हवा आणि गॅरीज मॉडच्या यादीत त्याच्यापुढे टिक हवी. मुख्य मेन्यूत खाली उजव्या कोपऱ्यात गेमपॅडचं चिन्ह आहे. त्यावर क्लिक केलं की गेमची यादी उघडते. काउंटर-स्ट्राइकसमोर टिक करा, गॅरीज मॉड पूर्ण बंद करून पुन्हा उघडा आणि मॅप नव्याने लोड करा. मॅप चालू असताना टिक करून ‘काही फरक पडला नाही’ म्हणणाऱ्यांची अडचण एवढीच असते.

नाव फिकट दिसतंय, टिक होत नाही? मग तो गेम इन्स्टॉल नाही किंवा या अकाउंटवर नाही. गेम वेगळ्या ड्राइव्हवर असला तरी हरकत नाही, फक्त तो स्टीमला माहीत असलेल्या लायब्ररीत हवा. तपकीर गल्लीतून नवी एसएसडी आणली आणि स्टीमचं फोल्डर कट-पेस्ट केलं, की नेमकं इथेच अडतं. स्टीमच्या सेटिंग्जमधल्या स्टोरेजमधून ‘मूव्ह’ करा, म्हणजे नोंदी बरोबर राहतात.

सगळ्याच गेमना टिक करून ठेवण्याची घाईही नको. गेम उघडायला वेळ लागतो आणि एकाच नावाची फाइल दोन गेममध्ये असली की भलतीच उचलली जाऊ शकते. लागेल तेवढंच माउंट करा.

फ्लॅटमध्ये दोघा-तिघांकडे तोच गेम असेल तर प्रत्येकाने इंटरनेटवरून उतरवायची गरज नाही. 2023 पासून स्टीममध्ये एकाच वाय-फायवरच्या दोन कॉम्प्युटरांमध्ये गेमच्या फाइली थेट पाठवण्याची सोय आहे. सेटिंग्जमध्ये डाउनलोड्सखाली ती चालू करा. गेम मात्र प्रत्येकाच्या अकाउंटवर हवाच. आणि गुरुवारी महावितरणची दुरुस्ती असेल तर मोठं डाउनलोड बुधवारी रात्रीच उरका. मध्येच वीज गेली तर स्टीम पुढून सुरू करतं, पण नंतर एकदा फाइलींची पडताळणी करून घेतलेली बरी.

चूक: अनोळखी ‘कंटेंट पॅक’

हा भाग काळजीपूर्वक वाचा. सुरुवातीला म्हटलेल्या फुकट झिप म्हणजेच हे पॅक. त्यांत व्हॉल्व्ह या कंपनीच्या गेमच्याच फाइली काढून भरलेल्या असतात आणि त्या इतरांना वाटण्याची परवानगी कुणाकडे नसते. ते बाजूला ठेवलं तरी पॅक अर्धवट असतात. भिंती दिसतात आणि बंदुकीचा आवाज येत नाही, किंवा मॉडेल येतं आणि त्याच्यावर चौकडी. सगळ्यात वाईट म्हणजे त्यासोबत येणारा इन्स्टॉलर. टेक्स्चरला इन्स्टॉलर कधीच लागत नाही. मटेरियल्स, मॉडेल्स, साउंड ही साधी फोल्डर पुरतात. झिपमध्ये ईएक्सई फाइल दिसली तर ती चालवू नका, झिपच पुसून टाका.

आधीच ओतलं असेल तर साफ कसं करायचं? स्टीमची पडताळणी इथे कामाची नाही. ती स्वतःच्या फाइली दुरुस्त करते, तुम्ही बाहेरून टाकलेल्या तशाच ठेवते. स्टीमॲप्स, कॉमन, गॅरीजमॉड, आणि त्याच्या आत पुन्हा गॅरीजमॉड नावाचं फोल्डर, तिथवर जा. मटेरियल्स आणि मॉडेल्स या फोल्डरांत तुम्ही काय काय टाकलं होतं ते बघून डेस्कटॉपवर हलवा, लगेच डिलीट करू नका. ॲडऑन्स फोल्डरमधले संशयास्पद पॅकही हलवा. मग पडताळणी करा आणि जीएम_कन्स्ट्रक्ट उघडून बघा.

हक्काने मिळालेला पॅक ॲडऑन्समध्ये ठेवताना एक चूक हमखास होते: झिप उघडली की फोल्डरच्या आत त्याच नावाचं फोल्डर तयार होतं. ॲडऑन्समध्ये पॅकचं फोल्डर आणि त्याच्या लगेच आत मटेरियल्स, अशी रचना हवी. मध्ये आणखी एक पायरी आली की गेमला काहीच सापडत नाही. लिनक्सवर खेळत असाल तर फोल्डरची नावं लहान अक्षरांतच ठेवा.

सर्व्हर चालवणाऱ्यांसाठी

‘माझ्याकडे सगळं दिसतं, मित्राकडे चौकडी’ हा प्रश्न मित्रांचा सर्व्हर चालवणाऱ्याला हमखास पडतो. सर्व्हरवर काउंटर-स्ट्राइक माउंट केलं म्हणून खेळणाऱ्याकडे त्याच्या फाइली जात नाहीत. प्रत्येकाच्या कॉम्प्युटरवर गेम हवा आणि टिकही. सर्व्हरने दिलेले ॲडऑन येत नसतील तर मित्राने ऑप्शन्समधल्या मल्टिप्लेअरमध्ये सर्व्हरच्या फाइली घेण्याची परवानगी बघावी. ती ‘फक्त मॅप’वर असली की मॅप येतो, पण सर्व्हर जास्तीचं जे काही पाठवतो ते येत नाही.

डेडिकेटेड सर्व्हरला (फक्त सर्व्हर म्हणून चालणाऱ्या प्रोग्रामला) टिक करण्याचा मेन्यू नसतो, तिथे सीएफजी फोल्डरमधली माउंट डॉट सीएफजी फाइल बदलावी लागते. स्टीमसीएमडी या कमांडवर चालणाऱ्या स्टीममध्ये अनामिक लॉगिननेही काउंटर-स्ट्राइक: सोर्सचा सर्व्हर मिळतो. त्याचा क्रमांक 232330, गॅरीज मॉडच्या सर्व्हरचा 4020. इन्स्टॉलचं फोल्डर ठरवणारी कमांड लॉगिनच्या आधी द्या. मग माउंट फाइलमध्ये अवतरणचिन्हांत सीस्ट्राइक आणि त्याच्यासमोर, तेही अवतरणचिन्हांत, फोल्डरचा पूर्ण मार्ग लिहा. चुका तीन ठिकाणी होतात. ओळीच्या सुरुवातीच्या दोन तिरक्या रेघा काढायच्या राहतात, त्यामुळे ती ओळ वाचलीच जात नाही. मार्ग बाहेरच्या फोल्डरपाशी थांबतो, पण तो आतल्या सीस्ट्राइक फोल्डरपर्यंत, जिथे व्हीपीके फाइली (गेमचं सामान भरलेल्या फाइली) आहेत तिथपर्यंत जायला हवा. आणि नोटपॅड फाइल सेव्ह करताना गुपचूप शेवटी टीएक्सटी जोडतं. विंडोजमध्ये फाइलींची एक्सटेन्शन दाखवायला सांगा, म्हणजे तिसरी चूक लगेच दिसेल.

एवढं करूनही चौकडी राहिली तर गॅरीज मॉडच्या लाँच ऑप्शन्समध्ये उणे-चिन्हासह नोवर्कशॉप आणि नोॲडऑन्स लिहून एकदा चालवा. आता मूळ मॅप नीट दिसला तर दोष ॲडऑनचा. दोन्ही शब्द काढून टाका आणि निम्मे ॲडऑन बंद करून तपासा, मग उरलेल्यांतले निम्मे. दोनशे ॲडऑन असले तरी सात-आठ फेऱ्यांत दोषी ॲडऑन सापडतो.