रेयांश म्हणजे नक्की काय? नवीन नावाचा अर्थ स्वतः शोधायचा कसा

आमच्या नात्यात कुणाकडे बाळ येणार असलं की मला मेसेज येतोच, "अगं हे नाव बघ ना, अर्थ खराय का". माझं संस्कृत शाळेपुरतंच, पण डिक्शनरी उघडायचा कंटाळा नाही एवढंच काय ते क्वालिफिकेशन. मागे चुलत बहिणीने रेयांश पाठवलं, सोबत स्क्रीनशॉट, अर्थ काय तर "विष्णूचा अंश, प्रकाशाचा किरण". एका शब्दाचे एकमेकांशी काही संबंध नसलेले दोन अर्थ दिसले की माझ्या मनात पाल चुकचुकते. म्हणून म्हटलं मी कसं शोधते ते एकदा लिहूनच टाकावं.

पहिलं म्हणजे नावांच्या साईटवर दहा ठिकाणी तोच अर्थ दिसला म्हणून लगेच खूश होऊ नका, त्या एकमेकांवरून कॉपी करतात, वाक्यसुद्धा तेच असतं, त्यामुळे दहा साईट म्हणजे दहा पुरावे नाहीत, पुरावा एकच आणि तोही बिनबुडाचा असू शकतो. मूळ शब्द कुठला, धातू कुठला, कुठल्या ग्रंथात आलाय यातलं काहीच दिलं नसेल तर तो अर्थ सध्या बाजूला ठेवायचा. आणि अर्थ शोधायच्या आधी नाव आलं कुठून ते शोधायचं. ते कळलं की अर्थ बहुतेक वेळा आपोआप मिळतो.

मग नाव देवनागरीत लिहायचं. हे फारच बेसिक वाटेल पण अर्ध्या चुका इथेच होतात कारण आजकाल नाव आधी इंग्रजी स्पेलिंगमध्ये सापडतं आणि त्यात अ की आ, न की ण, त की ट, श की स काही कळत नाही. एका अक्षराने केवढा फरक पडतो बघा, नय म्हणजे चांगलं वागणं, नीती, पण अनय लिहिलंत तर कोशात सरळ वाईट वागणूक, अन्याय असं मिळतं, शिवाय राधेच्या नवऱ्याचं नाव आपल्याकडे अनयच सांगतात, मग ठेवायचं की नाही ते तुम्ही ठरवा, पण माहीत असून ठेवा.

आता शब्द तोडायचा. रेय अधिक अंश. अंश म्हणजे भाग, यात वाद नाही, देवांश, शिवांश, वेदांश सगळे त्याच फॅशनमधले. पण रेय? संस्कृत कोशात किरण या अर्थाने रेय सापडत नाही. किरण आहे तो इंग्रजीतला "रे"! म्हणजे अर्धं नाव इंग्रजी अर्धं संस्कृत, आणि विष्णू बहुतेक अंश शब्दाच्या मागून आत घुसलाय, कारण अंश म्हटलं की आपल्याला देवाचाच आठवतो.

पण इथे थांबू नका, सारखा आवाज असलेलं जुनं नाव आहे का तेही बघा. आहे ना, श्रेयांस. श्रेयांसनाथ हे जैनांचे 11वे तीर्थंकर. आणि गंमत म्हणजे या श्रेयांसमध्ये अंश नाहीच्चे! तो शब्द श्रेयस् म्हणजे अधिक चांगलं, कल्याणकारक, त्याचंच द्वितीयेचं रूप श्रेयांसम् होतं, त्यातला "आंस" हा नुसता विभक्तीचा खेळ आहे. लोकांनी ऐकलं श्रेयांस, लिहिलं श्रेयांश, आणि त्यातला पुढचा श् उडवला की काय उरतं? रेयांश. माझं मत विचाराल तर हाच त्याचा खरा बाप, किरण-बिरण नंतर चिकटवलेलं.

कोश कुठले वापरायचे हा प्रश्न नेहमी येतो. संस्कृतसाठी मोनियर-विल्यम्स (1899) आणि आपले वामन शिवराम आपटे (1890), दोन्ही कोलोन विद्यापीठाच्या साईटवर फुकट सर्च करता येतात. मराठीसाठी मोल्सवर्थ आणि दाते-कर्वेंचा महाराष्ट्र शब्दकोश, ते शिकागो विद्यापीठाच्या साईटवर आहेत. एक ट्रिक लक्षात ठेवा, संस्कृत कोशात शब्द मूळ रूपात असतो, म्हणजे भगवान शोधायचा असेल तर भगवत् टाका नाहीतर "नाही सापडला" म्हणून सोडून द्याल. आणि कोशात पहिला अर्थ काय दिलाय तो वाचा, आपल्याला आवडणारा पाचवा नव्हे. आरवचं उदाहरण घ्या. साईटवर "शांत", कोशात आरव म्हणजे आवाज, ओरडणं, आरडाओरडा. रात्री तीनला उठणाऱ्या पोराला शोभतं खरं, पण शांत नक्कीच नाही. अद्विकचा "एकमेव" हा अर्थ ओढूनताणून बसतो, द्विक म्हणजे दोनाचं, त्याला अ लावला. फक्त द्विकचा अजून एक अर्थ कोशात कावळा असा आहे कारण काक या शब्दात क दोनदा येतो (भुंग्याला द्विरेफ म्हणतात तसंच, भ्रमरमध्ये र दोन). तर कुणी खोचक पंडित भेटला तर अद्विक म्हणजे "कावळा नसलेला" असंही सांगेल, तयारीत राहा.

शब्द संस्कृतात बसतच नसेल तर ओढत बसू नका, तो बाहेरचा असेल. कियारा हे बेस्ट उदाहरण. इटालियनमध्ये हे नाव आहे, लॅटिन क्लारावरून, म्हणजे तेजस्वी, स्वच्छ. असिसीची 13व्या शतकातली संत क्लारा, तिचं इटालियन नाव हेच. पण आयर्लंडमध्ये अगदी जवळच्या स्पेलिंगचं एक नाव आहे ते "किअर" या शब्दावरून, आणि किअर म्हणजे काळा, सावळा! एक उजेड, एक अंधार. आपल्याकडे मात्र हे नाव ना इटलीहून आलं ना आयर्लंडहून, ते पडद्यावरून आलं. कियारा अडवाणीचं मूळ नाव आलिया, तिने कियारा घेतलं ते 2010 च्या 'अनजाना अनजानी'मधल्या प्रियांका चोप्राच्या पात्राचं. म्हणजे शब्दाचं मूळ एकीकडे आणि नाव आपल्यापर्यंत आलं तो रस्ता दुसरीकडे, दोन्ही वेगवेगळं लिहून ठेवा, घोळ होत नाही.

नाव कधीपासून दिसायला लागलं हेही बघायचं. अमेरिकेत सोशल सिक्युरिटीच्या सरकारी साईटवर 1880 पासूनची बाळांच्या नावांची यादी आहे. तिथलं "नेवेया" घ्या, म्हणजे हेवनचं स्पेलिंग उलटं करून केलेलं नाव. 2000 मध्ये एका रॉक गायकाने एमटीव्हीवर आपल्या मुलीचं हे नाव सांगितलं आणि 2001 मध्ये ते पहिल्या हजारात आलंसुद्धा. इतकं स्वच्छ जन्मसाल फार कमी नावांना मिळतं. आपल्याकडे अशी सोयीची यादी नाही, मग मी सरळ आधीच्या पिढीत या नावाचा कुणी माहितीये का ते विचारते, जुन्या पुस्तकात शोधते, चाळीसच्या पुढचा एकही रेयांश नाही भेटला की समजायचं माल नवा आहे.

नवा असला म्हणून वाईट असं मुळीच नाही हां. व्हॅनेसा हे नाव जोनाथन स्विफ्टने एस्थर व्हॅनहोमरी नावाच्या मैत्रिणीच्या आडनावाचा आणि नावाचा तुकडा जोडून बनवलं, आज कुणी त्याला बनावट म्हणत नाही. आईबापांच्या नावातली अक्षरं जोडून केलं असेल तर तेच सांगा, उगाच त्याला वेदात नेऊन बसवू नका. बहिणीने रेयांशच ठेवलं, फक्त अर्थ विचारला की आता श्रेयस् पासून सुरुवात करते.

काल परत स्क्रीनशॉट आला, विवान, "सकाळच्या सूर्याचे किरण". तोडून बघितलं, नीट काही लागेना, मग जवळचा शब्द शोधला तर विवस्वान् म्हणजे सूर्य, गीतेच्या चौथ्या अध्यायाच्या पहिल्याच श्लोकातला (कोशात विवस्वत् बघा). मधलं वस् काढलं की राहतं विवान. आणि वस् हाच तर त्यातला चमकण्याचा धातू, म्हणजे नाव छोटं करताना नेमका उजेडच गळाला की.