गाई-बैलांच्या डोळ्यांची आणि कानांची निगा कशी राखावी

गाईचं दूध अर्धा लिटरने कमी झालं तरी संध्याकाळपर्यंत सगळ्या घराला कळतं. डोळ्यातून पाणी गळायला लागलं तर मात्र "धूळ गेली असेल, होईल बरं" म्हणत चार दिवस निघून जातात. तेवढ्यात बुबुळावरच्या साध्या ओरखड्याची जखम होते, जखमेवर पांढरं फूल, म्हणजे पांढरा डाग, पडतं, आणि कधी कधी डोळा कायमचा जातो. एका डोळ्याने अधू झालेला बैल त्या बाजूने बुजतो, औताला धड चालत नाही, बाजारात त्याला कुणी भाव देत नाही. यातलं बरंचसं नुकसान टाळता येतं, आणि त्याला पैसा फारसा लागत नाही. रोजची नजर लागते, आणि हाताला येईल ते औषध डोळ्याकानात घालण्याचा मोह आवरावा लागतो.

रोजची पाहणी

सकाळी वैरण टाकताना, दिवसाउजेडी, प्रत्येक जनावराच्या समोर क्षणभर थांबा. दोन्ही डोळे सारखेच उघडे आहेत का? एक डोळा मिचमिचा असेल, त्याच्या खाली गालावर पाण्याचा ओला ओघळ असेल, तर त्या डोळ्यात दुखतंय हे नक्की. निरोगी डोळा ओलसर, चकचकीत असतो. कोपऱ्यात थोडं चिपड असणं चालतं. पिवळा, घट्ट पू चालत नाही. नाकाच्या बाजूच्या कोपऱ्यात एक गुलाबी पडदा दिसतो. ती जनावराची तिसरी पापणी आहे. मांस वाढलं समजून ती कापायला जाणारे लोक अजून आहेत, म्हणून मुद्दाम सांगतो.

आठवड्यातून एकदा खालची पापणी अंगठ्याने हळूच ओढून आतला रंग पाहा. गुलाबी असेल तर ठीक. पांढुरका असेल तर अंगात रक्त कमी आहे. बहुतेक वेळा गोचीड किंवा पोटातले जंत कारणीभूत असतात. पिवळसर असेल तर कावीळ, आणि संकरित गाईत ती दिसली की गोचीडतापाची शंका आधी घ्यावी. हगवण लागलेल्या वासराचे डोळे खोल गेले असतील तर त्याच्या अंगातलं पाणी कमी झालंय. अशा वासराला तिथल्या तिथे मीठ-साखरेचं पाणी सुरू करा आणि डॉक्टरांना फोन करा.

मग कानाला हात लावा. व्यायल्यानंतरच्या पहिल्या दोन-तीन दिवसांत गाईचे कान गार लागले, ती सुस्त झाली किंवा चालताना झोकांड्या देऊ लागली, तर तो दुग्धज्वर असू शकतो. नावात ज्वर असला तरी त्यात अंग गार पडतं, कारण रक्तातलं कॅल्शियम घटलेलं असतं. यात तासांचा प्रश्न असतो, सकाळपर्यंत वाट पाहू नये. थंडीतल्या पहाटे सगळ्याच जनावरांचे कान थोडे गार असतात, म्हणून शेजारच्या गाईच्या कानाशी ताडून पाहावं.

डोकं कसं धरावं

डोळा किंवा कान नीट पाहायचा तर डोकं स्थिर हवं. समोरून जाऊ नका. शिंगाचा फटका बसतो. खांद्याच्या बाजूने, बोलत बोलत, मानेवर हात फिरवत जा. म्होरकी खांबाला आखूड बांधा आणि दुसऱ्या माणसाने डोकं एका बाजूला वळवून आपल्या कमरेशी टेकवून धरावं. वेसण असलेल्या बैलाची वेसण हिसकू नये. एकदा दुखलं की पुढच्या वेळी तो डोक्याला हातच लावू देत नाही. गावात खोडा (जनावर अडकवून उभं करायची लाकडी किंवा लोखंडी चौकट) असेल तर तापट जनावरासाठी तोच वापरा. वासरांना लहानपणापासून कानांना, डोळ्यांभोवती हात लावायची सवय लावली तर पुढे हे सगळं फार सोपं जातं.

डोळा धुणं

एक लिटर पाणी उकळून थंड करा आणि त्यात 9 ग्रॅम मीठ विरघळवा. चहाच्या चमच्याने सपाट दीड चमचा भरतं. मेडिकलमधली साध्या सलाईनची बाटली आणली तर आणखी चांगलं. ग्लुकोजची नको, एवढं पाहून घ्या. पाणी कोमट, हाताला जाणवेल न जाणवेल इतकं. हात साबणाने धुवा.

आधी स्वच्छ सुती फडकं त्या पाण्यात भिजवून पापण्यांवर ठेवा, म्हणजे वाळलेली चिपडं सुटतील. ओरबाडून काढू नका. नाकाकडच्या कोपऱ्यापासून बाहेरच्या बाजूला पुसा. एका डोळ्याचं फडकं दुसऱ्या डोळ्याला लावायचं नाही, एका जनावराचं दुसऱ्याला तर नाहीच. मग सुई काढलेल्या सिरिंजने किंवा मऊ बाटलीने पाण्याची सावकाश धार डोळ्यात सोडा. जोराचा फवारा नको.

धुऊनही डोळा मिटलेलाच राहिला तर आत काहीतरी अडकलंय असं समजा. आपल्याकडे ते बहुधा कुसळ असतं, नाहीतर गव्हाच्या भुशातला कण. सुगीनंतर आणि वाळलं गवत खायला घालायच्या दिवसांत हे जास्त दिसतं. ऊसपट्ट्यात हंगामभर वाढ्यांवर, म्हणजे उसाच्या हिरव्या शेंड्यांवर, जनावरं असतात आणि त्या पातीची धार बुबुळाला सरळ कापते. वरची पापणी उचलून, जनावराची मान थोडी वर करून उजेडात पाहा. कुसळ बहुतेक तिसऱ्या पापणीच्या मागे दडलेलं असतं, टोक तेवढं दिसतं, आणि दर मिचकावणीला ते बुबुळावर घासतं. त्याच जागी बुबुळावर निळसर डाग पडलेला असतो. कुसळ सैल असेल तर पाण्याच्या धारेने किंवा ओल्या फडक्याच्या कोपऱ्याने निघून येतं. रुतलेलं असेल तर हात आवरा. डॉक्टर भुलीचे थेंब टाकून ते काढतात आणि जनावराला कळतही नाही.

घरचा उपचार इथे संपतो. डोळ्यात फूल पडलं की मीठ फुंकणं, तंबाखू थुंकणं, मोरचूद घालणं, बिब्ब्याचा किंवा रुईच्या चिकाचा प्रयोग करणं, हे सगळं बंद करा. आधीच सोललेल्या बुबुळावर ही जळजळीत द्रव्यं जातात आणि जो डोळा आठ-पंधरा दिवसांत बरा झाला असता तो फुटतो. कुणी म्हणेल, "आमच्या बैलाला गुण आला होता." आला असेल, पण तो औषध नसतानाही आला असता, लहान ओरखडे आपोआप भरतात.

माणसांसाठी आणलेले जुने थेंबही टाकू नका. त्यातल्या काहींत स्टेरॉइड असतं. त्याने लाली झटकन उतरते, आपल्याला बरं वाटतं, आणि आतली जखम मात्र खोल होत जाते. जखम आहे की नाही हे डॉक्टर डोळ्यात एक रंगीत द्रव टाकून पाहतात. जखम असली तर ती हिरवी चमकते. ती खात्री होईपर्यंत स्टेरॉइड नकोच.

माश्यांचा बंदोबस्त

डोळ्यांची निम्मी दुखणी माश्यांमुळे होतात, असं माझं मत आहे. पावसाळ्यात डोळे येण्याची साथ एका जनावरापासून सगळ्या गोठ्यात पसरते. मोराक्सेला बोव्हिस नावाचा जिवाणू माशी एका डोळ्यातून दुसऱ्या डोळ्यात नेते. आधी भरपूर पाणी गळतं, ऊन सहन होत नाही, मग बुबुळाच्या मधोमध पांढरा ठिपका उठतो. असं जनावर लगेच वेगळं, सावलीत बांधा आणि त्याचं चारापाणी सगळ्यांत शेवटी करा, म्हणजे आपल्याच हाताने साथ पसरणार नाही. वेळेत प्रतिजैविक मिळालं तर डोळा वाचतो. त्या काळात दूध किती दिवस डेअरीला घालायचं नाही, हे डॉक्टरांना विचारून घ्या.

डोळ्यातला जंतही माशीच आणते. थेलाझिया म्हणतात त्याला. पांढऱ्या दोऱ्यासारखा, एक-दोन सेंटिमीटरचा हा किडा तिसऱ्या पापणीखाली वळवळताना दिसतो. चिमट्याने ओढायला जाऊ नका, डॉक्टर भुलीचे थेंब टाकून धुऊन काढतात.

उबदार हवेत अंड्यापासून माशी तयार व्हायला साधारण आठ-दहा दिवस पुरतात. म्हणून शेण रोज उचलून गोठ्यापासून लांब, झाकलेल्या खड्ड्यात टाकलं तर माश्यांची पुढची पिढी कमी होते. मूत साचू देऊ नका. गोठ्यात जनावराच्या तोंडाच्या उंचीवर वाकून श्वास घ्या. तुमचे डोळे चुरचुरले तर त्यांचेही रात्रभर चुरचुरत असतात. कडुलिंबाची धुरी करायची तर उघड्यावर, वाऱ्याच्या बाजूने आणि थोडा वेळ. बंद गोठ्यात धूर कोंडला की माश्या जातात आणि डोळे लाल होतात. गव्हाण छातीच्या उंचीची ठेवा. डोक्यावरच्या माळ्यातून कडबा ओढून खाणाऱ्या जनावराच्या डोळ्यात कचरा पडायचाच.

दुष्काळी भागात आणखी एक गोष्ट लक्षात ठेवा. महिनोन्महिने नुसत्या वाळक्या कडब्यावर असलेल्या जनावरांना अ जीवनसत्त्व कमी पडतं आणि वासरं संध्याकाळी वस्तूंवर आपटू लागतात. लसूणघास, हिरवा मका, अगदी थोडा हिरवा पालाही उपयोगी पडतो. गाभण गाईला हिरवं मिळालं नाही तर वासरू जन्मतःच अधू डोळ्यांचं होऊ शकतं.

होल्स्टीन संकरित गाईच्या डोळ्याभोवतीची कातडी गोरी असेल तर तिसऱ्या पापणीवर खडबडीत, लालसर गाठ येते का हे बघत राहा. तो कर्करोग असू शकतो. हरभऱ्याएवढी असताना काढली तर गाय वाचते.

कान

कानासाठी नियम आणखी सोपा आहे: नळीच्या आत काहीही ओतायचं नाही. तेल, फिनेल, रॉकेल, गोमूत्र, काहीच नाही. आतला पडदा फाटलेला असला तर ते मधल्या आणि तिथून आतल्या कानात जातं आणि जनावर मान वाकडी करून गोल फिरू लागतं.

कानाची पाळी उलटी करून आतला भाग पाहा. पंधरा दिवसांतून एकदा ओल्या, पिळून काढलेल्या फडक्याने दिसतो तेवढाच भाग पुसा. थोडा पिवळा-तपकिरी मळ असतोच, तो काढायचा हट्ट नको. गीर गाईचे कान लांब आणि आत वळलेले असतात. आत हवा खेळत नाही, ओल राहते, म्हणून त्यांच्याकडे जास्त लक्ष द्यावं. ब्राझीलमध्ये नेलेल्या गीर गाईंमध्ये तर कानात सूक्ष्म कृमी होऊन कान फुटण्याचा आजार चांगलाच माहितीचा आहे.

गोचिडांना कानाचा आतला भाग फार आवडतो, कारण तिथे जीभ आणि शेपटी पोचत नाही. हातमोजे घाला. चिमट्याने गोचीड कातडीच्या अगदी लगत धरा आणि पीळ न देता सरळ ओढा. काढलेली गोचीड साबणाच्या पाण्यात किंवा रॉकेलमध्ये टाका. बोटांनी चिरडू नका. हायलोमा जातीची गोचीड काँगो ताप माणसालाही देते. 2011 मध्ये गुजरातमध्ये या तापाने माणसं दगावली आहेत. औषधाची फवारणी अंगावर करायची तर कान आणि डोळे वगळा. शिवाय एक मादी दोन-तीन हजार अंडी घालते, तीही जनावरावर नव्हे तर भिंतीच्या भेगांत. म्हणून भेगा लिंपून चुना मारल्याशिवाय गोचिडांचा नायनाट होत नाही.

जनावर एकसारखं डोकं झटकतंय, कान खांबाला घासतंय, कानातून घाण वास येतोय, तर आत पू किंवा अळ्या असतील. अळ्यांना घरी टर्पेंटाइन घालण्याची पद्धत अंगावरच्या जखमेपुरती ठीक, कानात नको. वासराचा एकच कान लोंबू लागला आणि आधी त्याला खोकला, ताप झाला असेल, तर मधल्या कानात जंतुसंसर्ग पोचलेला असतो.

बैलाच्या बाबतीत मात्र कानाच्या दुखण्याआड एक वेगळंच दुखणं लपलेलं असू शकतं. तो डोकं एका बाजूला झुकवतो, झटकतो, शिंग खांबावर घासतो, त्याच बाजूच्या नाकपुडीतून कधी रक्ताळलेला स्राव येतो. आपण कान तपासत बसतो आणि शिंगाचा कर्करोग वाढत जातो. मग शिंग मुळाशी मऊ होऊन वाकतं. लवकर कळलं तर शिंग काढून बैल वाचवता येतो. शिंगं वारंवार साळण्याची हौस यासाठीच कमी करावी.

पोळा, बेंदूर आला की बैल नदीवर धुतात. डोक्यावर बादलीने पाणी ओतताना कान हाताने खाली दाबून धरा, आणि धुऊन झाल्यावर कोरड्या फडक्याने आतून टिपा. शिंगांना लावलेला ऑइलपेंट पावसाने किंवा घामाने ओघळून डोळ्यात येतो, म्हणून मुळाशी दोन बोटं जागा कोरी सोडा. गुलाल डोळ्यांपासून लांबच उधळावा.

कानातला बिल्ला

बारा अंकी पिवळा बिल्ला आता प्रत्येक जनावराला असतो आणि लसीकरणाची नोंद त्यावरच होते. तो पाळीच्या मधोमध, शिरा चुकवून बसवलेला असावा. लावल्यावर पंधरा दिवस रोज भोक पाहा. सूज, पू दिसला तर पोव्हिडोन आयोडीन लावा आणि माशी बसू देऊ नका. पावसाळ्यात दोन दिवसांचं दुर्लक्ष झालं तरी भोकात अळ्या पडतात. बिल्ला दोरीत, कुंपणात अडकून कान फाटला तर जखम भरू द्या आणि दवाखान्यात नोंद करून नवा बिल्ला घ्या.

डॉक्टरांना कधी बोलवावं

बुबुळावर पांढरा किंवा निळसर डाग, पूर्ण मिटलेला डोळा, डोळ्यातून रक्त, मान वाकडी, कानातून पू, यातलं काहीही दिसलं तर त्याच दिवशी. डोळ्यासमोर हात नेऊन पाहा, वारा लागू न देता. पापणी मिटली नाही तर त्या डोळ्याला दिसत नाही. अगदी लहान वासराला मात्र ही खूण लागू नाही. डोळ्यानाकातून पाणी, ताप आणि अंगावर गाठी असं सगळं एकत्र असेल तर लम्पी समजून जनावर लगेच वेगळं करा. दवाखाना लांब असेल तर 1962 या क्रमांकावर फिरत्या पशुवैद्यकीय पथकाला फोन करता येतो. फोनवर सांगा: कोणता डोळा किंवा कान, केव्हापासून, दुसऱ्या कुठल्या जनावराला तसंच आहे का, गाय गाभण की दुभती, आणि आधी काय घातलंय. शेवटचं लपवू नका, कारण उपचार त्यावरच ठरतो.