टोळधाड शिवारात उतरली तर काय करावे

टोळधाड आल्याची बातमी गावात पोहोचली की पहिला प्रश्न "काय फवारायचे?" असाच असतो. त्याआधी घड्याळ पाहावे, कारण वाळवंटी टोळांचा थवा उन्हावर आणि वाऱ्यावर चालतो आणि आपल्या हाताला तो लागतो फक्त रात्री. मे 2020 मध्ये मध्य प्रदेशातून अमरावती आणि नागपूर जिल्ह्यांत थवे उतरले, तेव्हाही फवारणीचे मोठे काम अंधारातच झाले.

प्रथम ओळख पटवावी. रुईच्या झाडावर बसलेला पिवळ्या-निळ्या पट्ट्यांचा नाकतोडा पाहून पुष्कळ जण घाबरतात. तो टोळधाडीतला नव्हे. थव्यातला कोवळा प्रौढ टोळ गुलाबी दिसतो, अंडी घालण्याच्या वयात आला की पिवळा होतो. त्याचे लांबट पुढचे पंख धरून उजेडासमोर पसरले, तर त्यांवर तपकिरी ठिपके स्पष्ट दिसतात. अर्थात एका टोळावरून निष्कर्ष काढू नये. हजारो टोळ एकाच दिशेने वाऱ्याबरोबर सरकत असतील, तरच ती धाड.

हाच कीटक एरवी वाळवंटात एकटा, बुजरा आणि मातकट रंगाचा असतो. चांगला पाऊस झाला की ओल्या रेताड जमिनीत अंडी घातली जातात, पिल्ले वाढतात आणि पुढे हिरवळ आटू लागली की सगळी उरलेल्या झुडपांवर दाटीने येतात. या दाटीत मागच्या पायांना वारंवार स्पर्श झाला की शरीरातील सेरोटोनिन हे मज्जासंस्थेतील रसायन वाढते आणि एकमेकांना टाळणारे टोळ काही तासांतच एकमेकांकडे ओढले जाऊ लागतात. रंगातला बदल मात्र सावकाश होतो. टोळांची एकटे आणि थव्यातले अशी दोन रूपे एकाच जातीची असू शकतात, हे कीटकशास्त्रज्ञ बोरिस उवारोव्ह यांनी 1921 मध्ये मांडले. एक चौरस किलोमीटरच्या थव्यात चार ते आठ कोटी टोळ असू शकतात आणि प्रत्येक जण दिवसाला जवळपास आपल्या वजनाइतके, म्हणजे सुमारे दोन ग्रॅम, खातो.

दिवसा थवा डोक्यावर असेल तर डबे, थाळ्या, ढोल वाजवून किंवा धूर करून तो आपल्या पिकावर बसू न देणे एवढेच साधते. यात टोळ मरत नाही, तो शेजारच्या शेतात जातो. म्हणून हा उपाय एकट्याने करण्यापेक्षा गावाने ठरवून करावा हे बरे. सूर्यास्ताच्या सुमारास थवा झाडांवर उतरू लागला की मात्र आवाज बंद करावा. कोणत्या गट नंबरात, कोणत्या झाडांवर आणि अंदाजे किती एकरांवर तो बसला आहे, हे त्याच संध्याकाळी कृषी सहाय्यकांना आणि तहसील कार्यालयाला कळवावे. ही माहिती रात्र पडण्याआधी पोहोचली नाही, तर फवारणीची एक रात्र वाया जाते आणि सकाळी ऊन अंगावर घेऊन थवा कित्येक किलोमीटर पुढे निघून जातो.

फवारणी रात्री उशिरा किंवा पहाटे, टोळ सुस्त असताना करावी. औषध आणि त्याचे प्रमाण कृषी विभागाने त्या वेळी सांगितलेलेच घ्यावे. शेजाऱ्याने वापरले म्हणून दुप्पट मात्रा टाकणे हा निव्वळ धोका आहे, विशेषतः संत्र्याच्या बागेत आणि भाजीपाल्यावर. पाच टक्के निंबोळी अर्क पिकावर आधीच फवारला तर टोळ ते पीक खायला टाळतात, पण बसलेला थवा त्याने संपत नाही. बिनपंखी पिल्ले रांगेने सरकताना दिसली तर त्यांच्या वाटेत दोन फूट रुंद आणि अडीच फूट खोल चर खणून ती त्यात लोटावीत आणि माती ओढून बुजवावीत.

सकाळी झाडांखाली मेलेल्या टोळांचा सडा पडलेला असतो. त्यावर कोंबड्या सोडू नयेत आणि फवारलेल्या बांधावर गुरे चरायला नेऊ नयेत.