ट्रंक आधी, स्टेटमेंट नंतर

पहिल्या ग्रुप शोच्या अर्जात, स्टेटमेंट म्हणून (म्हणजे आपल्या कामाबद्दलच्या दोन ओळी), मी लिहिलं होतं, 'मी स्मृती आणि अस्मिता यांवर काम करते.' निवड झाली नाही. बरंच झालं, कारण पाठवलेल्या सहा चित्रांत आठवण एकही नव्हती. नुसते धूसर चेहरे, आणि ते काय कुणीही काढतं.

मग एकदा लालबागच्या खोलीतली पत्र्याची ट्रंक उघडली. आत आजोबांचा गिरणीचा पास (१९८२ च्या संपानंतर ते परत कामावर गेलेच नाहीत), त्यांचा एक फोटो, आजीची दोन लुगडी. पेंटिंग शिकलेली, त्यामुळे हात कॅनव्हासकडे गेला. पण लुगडं समोर असताना त्याचं चित्र कशाला? त्या फोटोचा सायनोटाइप, म्हणजे उन्हात उठणारा निळा छाप, थेट लुगड्यावरच घ्यायचं ठरवलं.

फेरिक अमोनियम सायट्रेट आणि पोटॅशियम फेरिसायनाइड यांची वेगवेगळी द्रावणं करायची, समभाग मिसळून मंद उजेडात कापडावर लावायची, अंधारात वाळवायची. वर ओएचपी शीटवर (पारदर्शक प्लॅस्टिकवर) काढलेली निगेटिव्ह, त्यावर काच, आणि गच्चीत ऊन. मे महिन्यात दहा-बारा मिनिटांत काम होतं. जुलैत ढगांची मर्जी. साध्या पाण्यात धुतलं की निळा उठतो. मी मात्र शहाणपणा करून कपडे धुवायची पावडर घातली. पावडर अल्कधर्मी, आणि हा निळा अल्कलीत टिकत नाही. आजोबांचा चेहरा बादलीत बघता बघता पिवळट पडला. आता आधी जुन्या पंच्याच्या तुकड्यावर करून बघते.

उरलेल्या लुगड्यासाठी आत्याचा फोटो हवा होता. ती म्हणाली, "माझं तोंड नको दाखवूस गं. बोलते, ते घे." असा कामात आवाज आला. पहिलं रेकॉर्डिंग पंख्याच्या घरघरीत गेलं, दुसऱ्यात तिनं गिरणीचा भोंगा तोंडानं वाजवून दाखवला. माझं 'मल्टिडिसिप्लिनरी' होणं, म्हणजे अनेक माध्यमांत काम करणं, एवढंच. माध्यमं आधी ठरवून बसू नका. आणि घरच्यांचा फोटो, आवाज काहीही वापरणार असाल तर कुठे दाखवणार हे सांगून होकार घ्या, जमल्यास लेखी. आपलीच माणसं म्हणून हे राहून जातं.

घराच्या आठवणीवरचं काम बघायचंच तर चित्रकार झरीना हाश्मींची १९९९ ची छत्तीस वुडकट्सची (लाकडी ठशांच्या छापांची) मालिका बघा. बाई गणित शिकलेल्या; घर, उंबरठा असे उर्दू शब्द आणि मोजक्या काळ्या रेषा, बस्स. दुसऱ्या चित्रकार नलिनी मालानी कराचीत जन्मल्या, फाळणीत इकडे आल्या, जे.जे.त शिकल्या, त्यांच्या फिरत्या पारदर्शक सिलिंडरांच्या सावल्या भिंतीवर सरकतात तेव्हा आपलीही सावली त्यात मिसळते. फोटोत ते कळत नाही.

हल्ली अर्जात मी एवढंच लिहिते: 'आजीचं लुगडं, निळा छाप, आत्याचा आवाज, सात मिनिटं.' यानं दोनदा निवड झाली. घरभाडं अजून एलिमेंटरी-इंटरमिजिएटच्या चित्रकलेच्या क्लासमधूनच निघतं, तेव्हा शनिवार-रविवारी फोन करू नका.