समुद्रकिनाऱ्यावरच्या लग्नात नवरदेवाने पायात काय घालावे?

पादत्राणे विकत घेण्याआधी पाय नेमके कशावर पडणार आहेत, याची चौकशी करावी. किनाऱ्यावरचे लग्न म्हटले तरी प्रत्येक वेळी विधी वाळूतच होतो असे नाही. कुठे लाकडी फळ्यांचा मंच उभारतात, कुठे वाळूवर जाजम अंथरतात, तर कुठे गाडीपासून मांडवापर्यंतचे सगळे अंतर भुसभुशीत वाळूतून पायी तुडवावे लागते. कोरडी वाळू पावलाखाली सरकते आणि टाच आत रुतते. पाण्यालगतची ओलसर वाळू मात्र कणांमधल्या पाण्यामुळे घट्ट धरलेली असते आणि तिच्यावरून बऱ्यापैकी ताठ चालता येते. हा ओला पट्टा भरती-ओहोटीनुसार जागा बदलतो. बहुतेक किनाऱ्यांवर दोन भरत्यांमध्ये साधारण १२ तास २५ मिनिटांचे अंतर असते, शिवाय अमावस्या-पौर्णिमेच्या सुमारास पाणी नेहमीपेक्षा वरपर्यंत येते. म्हणून जागा पाहायला जाताना लग्नाच्या दिवसाचे भरतीचे वेळापत्रकही पाहून ठेवावे.

यानंतरचा मुख्य प्रश्न वाळूचा. एक तर पादत्राणात वाळू शिरूच नये, नाही तर शिरलेली वाळू आपोआप बाहेर पडावी. या दोन्हींच्या मधले पादत्राण सर्वांत त्रासदायक ठरते. कमी उंचीचे लोफर, म्हणजे बिननाडीचे, पाय नुसते सरकवून घालायचे बूट, दिसायला देखणे असले तरी त्यांच्या उघड्या काठावरून प्रत्येक पावलागणिक चिमूटभर वाळू आत जाते, ती टाचेपाशी आणि बोटांच्या टोकाशी साचते आणि मोज्याखाली घासत राहते. अर्ध्या तासात फोड यायला एवढे पुरेसे असते, आणि विधी चालू असताना बूट काढून झटकण्याची सोय नसते. त्यामुळे वाळूतून बरेच चालायचे असेल, तर मागे पट्टा असलेला चामड्याचा किंवा जाड कापडी पट्ट्यांचा साधा सँडल मला सर्वांत योग्य वाटतो. मागचा पट्टा महत्त्वाचा आहे, कारण नुसती सपाता वाळूत पायातून निसटते आणि चालताना मागे वाळू उडवते. पट्टा बांधायला बक्कल असावे. वेल्क्रोमध्ये वाळू अडकली की त्याची पकड सैल होते.

लाकडी मंच किंवा जाजम असेल तर बंद पादत्राणांचा विचार करायला हरकत नाही. ओल्या फळ्यांवर गुळगुळीत चामड्याचा तळ घसरतो, म्हणून तळ रबराचा आणि बारीक खाचांचा घ्यावा. बोट शू हा प्रकार मुळात जहाजाच्या ओल्या डेकसाठीच तयार झाला. पॉल स्पेरी या अमेरिकन नौकाप्रेमीने १९३५ मध्ये असा खाचांचा तळ बाजारात आणला होता. तागाच्या दोरीचा तळ असलेली एस्पाड्रिल नावाची कापडी पादत्राणे हलकी आणि प्रसंगाला साजेशी दिसतात, पण भिजली की ताग फुगतो आणि लवकर वाळत नाही, म्हणून पाण्यात पाय बुडवून छायाचित्रे काढायची असतील तर ती टाळावीत. स्वेडवर, म्हणजे मऊ लवदार चामड्यावर, खाऱ्या पाण्याचे डाग राहतात. चकचकीत पेटंट लेदर तर इथे नकोच: वाळूत बहुधा क्वार्ट्झ असते, त्याची कठीणता १ ते १० अशा मोह्स मापावर ७ भरते, आणि त्या चकाकीवर दिवसाअखेर ओरखडे उठलेले दिसतात.

अनवाणी राहण्याचा पर्याय अनेकांना आवडतो आणि तो सुंदरही दिसतो, परंतु तो वेळ पाहून निवडावा. भर दुपारच्या उन्हात कोरड्या वाळूचा पृष्ठभाग ५० अंश सेल्सिअसच्या वर जाऊ शकतो, अशा वेळी शांतपणे उभे राहणे अशक्यच. सकाळी लवकर किंवा सूर्यास्ताच्या सुमारास ही अडचण उरत नाही. चालण्याच्या वाटेवरचे शिंपले आणि काचा आधी कोणाकडून तरी वेचून घ्याव्यात. नखे कापणे आणि भेगाळलेल्या टाचांना रोज रात्री मलम लावणे ही कामे आठ-दहा दिवस आधीच सुरू करावीत; जवळून घेतलेल्या छायाचित्रांत पाय दिसतातच.

रंगाबाबत फार डोके शिणवू नये. तपकिरी, खाकी किंवा मोतिया रंगावर वाळू दिसत नाही, काळ्यावर मात्र लगेच दिसते. विजारीची लांबी शिंप्याकडून ठरवून घेताना तेच पादत्राण पायात असले पाहिजे, कारण टाचेच्या बुटाच्या हिशोबाने शिवलेली विजार सपाट सँडलवर लोळते आणि ओल्या वाळूत तिची किनार काळपट होते.

उन्हात आणि दिवसभराच्या उभे राहण्याने पाय थोडे सुजतात, त्यामुळे खरेदी संध्याकाळी करावी आणि अंगठ्यापुढे बोटाच्या अर्ध्या पेराएवढी जागा ठेवावी. नवे पादत्राण थेट लग्नातच घालू नये. काही दिवस घरात वापरून पाहावे, आणि शक्य असल्यास वाळूत चालून बघावे. बंद बूट घेतला असेल तर मोजे घोट्याखाली दडणारे आणि टाचेला रबरी पकड असलेले निवडावेत.

नंतरच्या स्वागतसमारंभासाठी दुसरा जोड, कोरडा टॉवेल आणि पाय धुण्यापुरते गोडे पाणी एखाद्या विश्वासू मित्राकडे देऊन ठेवावे. वापरलेल्या जोडावरचे मीठ त्याच रात्री ओल्या फडक्याने पुसून काढावे, आत कागदाचे बोळे भरावेत आणि तो सावलीत वाळवावा. उन्हात ठेवलेले खारावलेले चामडे कडक होऊन तडकते. पांढरे डाग राहिलेच, तर पाण्यात थोडे पांढरे व्हिनेगर मिसळून ते पुसावेत आणि पूर्ण वाळल्यावर चामड्याला क्रीम लावावे.