बॅबिलोनच्या राजांच्या तारखा आणि नावं लिहिताना या चुका टाळा

सगळ्यात कॉमन घोळ म्हणजे बॅबिलोनचा राजा हम्मुराबी याच्या तारखा एका पुस्तकातून उचलायच्या आणि त्याच्या घराण्याच्या शेवटी झालेल्या बॅबिलोनच्या पाडावाची दुसऱ्यातून. हम्मुराबी कुठे इ.स.पू. १७९२ ते १७५० दिसेल, कुठे १७२८ ते १६८६, जुन्या पुस्तकांत १८४८ ते १८०६ पण सापडेल, आणि यातली एकही छपाईची चूक नाहीये. अम्मीसदुका राजाच्या काळात शुक्र कधी उगवला कधी मावळला याच्या नोंदी मातीच्या पाट्यांवर मिळाल्यात, त्यावरून हे सगळं गणित मांडलं गेलं, पण शुक्र आणि चंद्राचा तोच मेळ साधारण ५६ किंवा ६४ वर्षांनी परत जुळतो, म्हणून एकाऐवजी तीन-चार उत्तरं निघतात. जास्त वापरात मधली कालगणना आहे (१७९२वाली). कुठलीही घ्या पण एकच घ्या आणि कुठली घेतली ते लिहा.

घोळ झालाय का हे चेक करायला सोपी बेरीज आहे. हम्मुराबीनंतर सम्सुइलुना ३८ वर्षं, अबी-एशुह २८, अम्मीदिताना ३७, अम्मीसदुका २१, सम्सुदिताना ३१. टोटल १५५. म्हणजे १७५० नंतर पाडाव १५९५ ला, किंवा १६८६ नंतर १५३१ ला. तुमच्या लेखात १६८६ आणि १५९५ शेजारी बसले असतील तर ६४ वर्षं गायब झाली.

दुसरं, वर्षांची नावं. त्या काळी वर्षाला नंबर नव्हता, नाव असायचं, आणि ते बऱ्याचदा आदल्या वर्षीच्या घटनेवरून. लार्सा शहराचा राजा रिम-सिन याला हरवल्याचं नाव हम्मुराबीच्या ३१व्या वर्षाला आहे, विजय ३०व्या वर्षातला.

पुढे नंबर आले तरी लोक अडकतातच. दुसरा नेबुखद्नेझर इ.स.पू. ६०५ च्या सप्टेंबरात गादीवर बसला, पण ते राज्यारोहणाचं वर्ष, पहिलं वर्ष सुरू झालं ६०४ च्या निसानूपासून, म्हणजे त्यांच्या पहिल्या महिन्यापासून, आपल्या चैत्राच्या आसपास. ६०५ लाच पहिलं धरलंत तर ३७वं वर्ष ५६९ येतं. ते चूक, बरोबर ५६८/५६७, आणि त्याच वर्षाची ग्रहताऱ्यांच्या नोंदींची पाटी बर्लिनमध्ये आहे. ती तिरकी रेघ पण उडवू नका, त्यांचं वर्ष आपल्या दोन वर्षांत पसरतं.

वर्ष नेहमी १२ महिन्यांचं होतं असंही धरू नका. अधिक महिना त्यांच्याकडेही होता. लार्साचा कारभार बघणाऱ्या सिन-इद्दिनमला हम्मुराबीचं पत्र आहे, की यंदा दुसरा उलूलू (त्यांचा सहावा महिना) धरा, पण कर तश्रितूच्या (त्यापुढच्या महिन्याच्या) २५ ला यायचा होता तो दुसऱ्या उलूलूच्या २५ लाच बॅबिलोनला पोचला पाहिजे. महिना वाढवला, मुदत नाही! पक्का राजा माणूस.

राजांच्या याद्यांत घराणी एकाखाली एक लिहिलीत म्हणून ती एकामागून एक झाली असं नाही. दक्षिणेकडच्या समुद्रकाठच्या घराण्याचे बरेच राजे बॅबिलोनच्या, नंतर कसाइट (पाडावानंतर बॅबिलोनवर आलेलं घराणं) राजांच्या सोबतच राज्य करत होते, बेरीज मारत गेलात तर शतकं फुगतील. ग्रीक खगोलशास्त्रज्ञ टॉलेमीची राजांची यादी इ.स.पू. ७४७ पासून भरवशाची आहे, पण वर्षभरही न टिकलेले राजे तिच्यात नाहीत, त्यामुळे काही महिनेच राजा असलेला लबाशी-मर्दुक तिथे सापडणार नाही.

आता नावं. नुसतं नेबुखद्नेझर लिहून चालत नाही. एलामवर (आजच्या नैऋत्य इराणातलं राज्य) स्वारी करून मर्दुक देवाची मूर्ती परत आणणारा पहिला, इ.स.पू. १२व्या शतकातला, आणि जेरुसलेम पाडणारा दुसरा, मराठी बायबलात नबुखद्नेस्सर म्हणून येतो तो. शिवाय इराणी सम्राट दारियसविरुद्ध बंड करणाऱ्या दोघांनी हेच नाव घेतलं होतं. उलट बॅबिलोनी यादीतला पूलू म्हणजे अ‍ॅसिरियाचा तिसरा तिग्लथ-पिलेसर, त्याला वेगळा राजा मोजू नका. आणि बेलशस्सरला यादीत घालू नका, बाप राजा नबोनिडस अरबस्तानातल्या तैमाला जाऊन बसला तेव्हा त्याने कारभार बघितला, पण पाट्यांवरची वर्षं शेवटपर्यंत नबोनिडसच्याच नावाने पडत होती.